पडद्याआडचा नमस्कार

रवि. १२ फेब्रु. २००६, लोअर हट, न्यूझीलंड
रोल मिळाला! टीव्ही मालिका, एक भाग, एक वाक्य. कोपऱ्यावरच्या डेअरीची मालकीण, दूध-ब्रेड विकणारी. देशी बाई म्हटल्यावर यांना दुसरं सुचणार काय! तरी स्वयंपाकघरात नाचले. पुण्यात अकरा वर्षं प्रायोगिक नाटकं केली, इथे पाच वर्षं लोकांच्या सॉफ्टवेअरमधल्या चुका काढतेय. नवरोबा समीर : "एका वाक्यासाठी रजा?"
हो. एका वाक्यासाठी.

मंगळ. २१ फेब्रु.
वाक्य असं : "ही नेव्हर केम बॅक." बेपत्ता भावाची चौकशी करणाऱ्या म्हाताऱ्याला सांगायचं. ट्रेनमध्ये पुटपुटते, भांडी घासताना पुटपुटते. सई वैतागली : "आई, यू जस्ट सेड इट टु द डाळ."

गुरु. २ मार्च
शूटिंग. म्हाताऱ्याचं काम करतोय डेनिस, खास इंग्लंडहून आणलेला. सत्तरीचा, मोज्यांना भोक. चेहरा पाहिलेला वाटतो, कुठे ते आठवत नाही. त्याला सांगितलं तर खूश! म्हणे, बेचाळीस वर्षं हीच कमाई. पोलीस, पाद्री, डॉक्टर. "मी दार उघडतो, हिरो आत जातो."
मग माझा घोटाळा. दुकानाच्या मागच्या पट्ट्यांच्या पडद्यातून काउंटरवर यायचं. "अॅक्शन" ऐकलं आणि सवयीने वाकले, जमिनीला हात लावून कपाळाला लावला. रंगमंचावर पाऊल टाकण्याआधी अकरा वर्षं हेच केलंय, अंगातून जातंय थोडंच! पण पट्ट्यांतून कॅमेऱ्याला सगळं दिसत होतं. कट. डायरेक्टर : "डिड यू ड्रॉप समथिंग, लव्ह?" लाजेने मेले. दुसरा टेक न वाकता. ओके. "स्वीट अॅज," म्हणजे इथलं 'झकास'.
डेनिसने चहाला बसवून विचारलं, ते काय होतं? सांगितलं. तोही नाटकातलाच. तिशीत टीव्हीचं काम आलं, घरभाडं सुटलं. एक वर्ष करू आणि परत जाऊ, असं ठरवलं होतं. "आणि मग?" विचारलं मी, मूर्खासारखं.
कप विसळत म्हणाला, "तुझं वाक्य."

शुक्र. ३ मार्च
ऑफिस. सगळे विचारतायत हिरो कसा होता. मी डेनिसबद्दल सांगते. कोण डेनिस?

रवि. २ जुलै
आज टीव्हीवर आमचा भाग दाखवला. हौसेने आठ जणांना बोलावलेलं, बटाटेवडे. माझं वाक्य कापलं. डेनिस विचारतो, पडद्याच्या पट्ट्या हलतात, एक बाई वाकते, हात कपाळाला. पहिलाच टेक, चुकलेला! मग डेनिसचा चेहरा, रस्ता, संपलं. बाईने मान खाली घातली म्हणजे भाऊ गेलाच, असं समजायचं बहुतेक. मिसेस जोशी : "अगं, पण साडी छान दिसत होती." सई : "आय थिंक युअर हँड वॉज हीप्स गुड, आई."
सगळे गेल्यावर बाथरूममध्ये रडले. वाक्यासाठी नाही. हात जमिनीला लागताना दिसला आणि आमची स्टेजची फळी आठवली. तिची धूळ, अंधारात पायाला लागणारे खिळे. मला परत स्टेजवर जायचंय. कुणालाच सांगितलेलं नाही हे, समीरलाही नाही.

शनि. ८ जुलै
डेनिसला मेल केला होता, वाक्य गेल्याचा. उत्तर आलं. त्याचं पहिलं वाक्य कापलं तेव्हा त्याची आई शेजाऱ्यांना घेऊन टीव्हीपुढे बसली होती म्हणे. खाली लिहिलंय : "तुझ्या गावात स्टेज आहे ना? गुडघे वाकतायत तोवर जा. मी फार थांबलो."

बुध. १२ जुलै
वेलिंग्टनमध्ये एक छोटा ग्रुप नाटक बसवतोय. शनिवारी ऑडिशन. रोज संध्याकाळी तालीम, तीन महिने. समीरला सांगितलं. "आणि सईचं जेवण कोण बघणार?" मग स्वतःच, "बघू." त्याचं 'बघू' म्हणजे हो की नाही, बारा वर्षांत कळलेलं नाही.

शनि. १५ जुलै
चर्चच्या हॉलबाहेर पायरीवर बसून लिहितेय. इथला जुलै म्हणजे ऐन हिवाळा; दक्षिणेचा गार वारा, बोटं आखडलीत. आत सगळ्या पंचविशीच्या पोरी, अस्खलित इंग्रजी. मघाशी कुणी नाही बघून स्टेजच्या कडेला हात टेकवून आले. इथेही खिळे आहेत.
नाव पुकारलं. "जाते" लिहिलं होतं, खोडलं.
येते.