नाथाचा गाळा रिकामा करून घेण्याबाबत

६ जून २०२४
आजपासून रोजनिशी. लढाई सुरू करताना सगळं लिहून ठेवलेलं बरं. लढाई म्हणजे धाटाव रस्त्यावरचा आपला गाळा. त्यात नाथा बावीस वर्षं पंक्चर काढतोय. त्याला बाहेर काढायचा आणि मोबाईलची शोरूम आणायची. काचेचं दार, एसी, उद्घाटनाला फीत कापायला मी. पेणचे शोरूमवाले तयार आहेत. वैशालीला सांगितलं, तर म्हणाली, अहो, पण नाथाला सांगितलंत का? बायकोला स्ट्रॅटेजी कळत नाही.

१० जून
निकेश वकिलाला भेटलो. तो म्हणाला, शोरूमचं नावही काढू नका. गाळा तुम्हाला स्वतःला धंद्यासाठी हवाय, असंच म्हणायचं. कसला धंदा ते सांगा. गडबडीत तोंडातून निघालं, पंक्चरचा! बावीस वर्षं तेच बघतोय, दुसरं काय सुचणार? निकेशने कपाळावर हात मारला, पण टाईप केलं. पॉइंट स्ट्राँग आहे असं माझं मत.

२ जुलै
नोटीस द्यायला स्वतः गेलो. नाथाला चष्मा सापडेना. शेवटी मीच मोठ्याने वाचून दाखवली. तो म्हणाला, लय ब्येस लिवलंय मालक, चा घ्या. घाबरला असणार. चहा घेतला.

१८ नोव्हेंबर
केस उभी राहिली. निकेश म्हणतो, उलटतपासणीत विचारतील, पंक्चर काढता येतं का? शिकून ठेवा. नागोठण्याला एकाकडे गेलो. त्याने माझ्या इस्त्रीच्या शर्टाकडे बघितलं आणि हाकलून दिलं. आता उरला कोण?

२० नोव्हेंबर, स. ९
नाथाकडे गेलो. छंद म्हणून शिकायचंय, असं सांगितलं. तो म्हणाला, या की, गाळा तुमचाच हाय. कबुली! निकेशला लगेच फोन केला. तो म्हणाला, काका, याला कबुली म्हणत नाहीत.

९ डिसेंबर
शत्रूच्या गोटात रोज चार तास. टायर उतरवणं जमलं. ट्यूब टबात बुडवायची, बुडबुडा आला की बोट ठेवायचं. आज तीन बुडबुडे मी पकडले. नाथा म्हणाला, नजर हाय तुम्हाला. कंपनीत तीस वर्षं स्टोअर सांभाळलं, नजर असणारच.

१४ जानेवारी २०२५
कारखान्यांची शिफ्ट सुटली की वीस गाड्या. पोरं आता मला काका म्हणतात. एकजण म्हणाला, काकांनाच बघू द्या. दिवसभर मजा वाटत होती. म्हणजे, हेरगिरी उत्तम चालली आहे. वैशालीने विचारलं, शिट्टी कसली वाजवताय?

११ मार्च, दु. ३
जिंकलो!! नाथाच्या वकिलाने विचारलं, काम कोणाकडे शिकलात? शपथ घेतली होती, सांगावं लागलं, नाथाकडे. जज्जसाहेबांनी चष्मा काढून पुसला. तेवढ्यात नाथाच उठला. म्हणाला, सायेब, खोटं कशाला बोलू, मालकांचा हात बसलाय. द्या त्यांना गाळा, माझी काय हरकत नाय. तडजोड झाली. दहशत म्हणतात ती हीच.

३० मार्च
किल्ली मिळाली. नाथा टब ठेवून गेलाय. शोरूमवाल्यांना फोन करणार, इतक्यात निकेश आला. म्हणे, कायद्याने महिन्याच्या आत पंक्चरचाच धंदा सुरू करा आणि वर्षभर दुसऱ्याला भाड्याने देऊ नका, नाहीतर नाथा गाळा परत मागेल. हे आधी का नाही सांगितलं, म्हणून ओरडलो. म्हणाला, तीनदा सांगितलं, तुम्ही उद्घाटनाच्या फितीचा रंग ठरवत होतात.

२ एप्रिल
शोरूम गेली. त्यांनी पेणलाच गाळा घेतला. हरकत नाही. पंक्चरमध्येच भवितव्य आहे.

१२ एप्रिल
उद्घाटन. फीत मीच कापली. टाळ्या वैशालीने वाजवल्या. गिऱ्हाईक शून्य. नाथा बरोब्बर समोरच्या गाळ्यात बसलाय. तो गाळा त्याने डिसेंबरातच ठरवून ठेवला होता म्हणे. मी रोज चार तास त्याच्याशेजारीच होतो, मला कसं कळलं नाही?

२१ एप्रिल
गिऱ्हाईक शून्य. समोर वीस गाड्या. खूप हसतात तिकडे. इथे अजिबात करमत नाही.

२५ एप्रिल, सं. ५
पहिलं गिऱ्हाईक! टायर ट्यूबलेस निघाला. ट्यूब शोधण्यात पाऊण तास गेला. शेवटी मीच गाडी ढकलत समोर नेली. नाथा म्हणाला, मालक, चा घ्या. घेतला. मग जरा हातही लावला. सात गाड्या झाल्या. फार बरं वाटलं.

२६ एप्रिल
नाथाशी बोलणी. माझ्या अटींवर. दुपारी तास-दोन तास माझा गाळा उघडायचा, म्हणजे कोर्टाचा प्रश्न नको. बाकी वेळ त्याच्याकडे. त्याची एकच अट. फर्स्ट शिफ्टची गर्दी असते, सकाळी साडेसहाला हजर पायजे. उशीर केलात तर काढून टाकीन म्हणाला, नोटीसबिटीस काय देनार नाय.