अकराव्या तुकड्यातली चूक

६ फेब्रुवारी, मंगळवार

आजही सात वीसला चुकले. म्हणजे मी नाही — मशीन. म्हणजे मीच, पण गेल्या वर्षीची!

नीट लिहून ठेवते, नाहीतर वेड लागेल. हॉटेलच्या लॉबीत काळा पियानो आहे आणि त्याच्या पोटात यंत्र आहे. गेल्या वर्षी जानेवारीत मी दोन तास वाजवलं ते त्याने जसंच्या तसं साठवून घेतलं. कुठली पट्टी, किती जोरात, किती वेळ — सगळं. माझं मनगट तेव्हा दुखायला लागलं होतं. मॅनेजर किती गोड बोलला! "मॅडम, एकदाच वाजवून द्या. मग हात बरा होईपर्यंत नुसतं बसा. लोकांना बाकावर माणूस दिसला की झालं."

हात मार्चमध्ये बरा झाला. मी अजून नुसतीच बसते. पट्ट्या आपोआप खाली जातात, मी त्यांच्यावर बोटं ठेवून मान डोलावते. साडेसहा ते साडेआठ. करार दोन वर्षांचा. दुसरीकडे कुठेही वाजवायचं नाही, आणि इथे गुडघ्याजवळचं यंत्राचं बटण बंद करायचं नाही. सही माझीच. वाचून केली होती!

७ फेब्रुवारी, बुधवार

एक बाई जवळ येऊन म्हणाल्या, "किती हळुवार हात आहे हो तुमचा!" मेल्याहून मेल्यासारखं झालं.

९ फेब्रुवारी, शुक्रवार

कार्यक्रमाचं नाव मॅनेजरने ठेवलंय — 'शंभर वर्षांचा जाझ पियानो'. बावीस तुकडे. आधी जुना ठासून वाजवायचा ठेका. मग उड्यांचं वाजवणं — डावा हात खालच्या सुरावरून मधल्या सुरांवर उडी मारतो, परत खाली, परत वर, अख्खा ठेका एकटा सांभाळतो. पुढे पुढे डावा हात गप्प होत गेला, मधूनच टोचल्यासारखा वाजायचा, आणि उजवा सुसाट सुटला.

असं वाजवणारी ती जुनी माणसं मला माझ्या पियानोच्या मास्तरांनी रेकॉर्डवर भेटवली. मास्तर कधी त्यांची नावं घेत नाहीत, घरातल्यांसारखी टोपणनावं — जाड्या, दिसेना, टोपीवाला. त्यांच्या काळीही आपोआप वाजणारे पियानो होते, भोकं पाडलेल्या कागदाच्या गुंडाळीवर चालणारे. जाड्या ती गुंडाळी हळू फिरवायचा, खाली जाणाऱ्या पट्ट्यांवर बोटं ठेवायचा आणि शिकायचा. दिसेनाला जवळजवळ दिसतच नव्हतं. सांगतात की एका गुंडाळीवर दोघं मिळून वाजवत होते, हे त्याला कोणी सांगितलंच नाही. पठ्ठ्या ते एकट्याने शिकला! टोपीवाला बोटं सपाट ठेवायचा. ऐकणाऱ्याला वाटायचं, हा चुकतोय. तो मध्येच उठून पियानोभोवती नाचायचा.

जाड्याने पट्ट्यांवर बोटं ठेवून सुरुवात केली. मी तसंच करून संपत चाललेय.

अकरावा तुकडा उड्यांचा. त्यात माझी डावी करंगळी एक पट्टी अलीकडे पडली. मशीनवाल्याने तेव्हाच विचारलं होतं, "परत घ्यायचं का?" मी म्हटलं, "राहू द्या हो, कोणाला कळतंय!" मला कळतं. रोज. सात वीसला.

११ फेब्रुवारी, रविवार

सुट्टी. कितीतरी आठवड्यांनी घरच्या पियानोवर बसले. ठरवलं होतं, जे सुचेल ते वाजवायचं. बोटं टेकली आणि लॉबीतला पहिला तुकडा सुरू झाला. थांबले. दुसऱ्या सुरावरून सुरुवात केली. वळणं घेत घेत परत तिथेच! तिसऱ्यांदा डोळे मिटून. परत तेच.

आई स्वयंपाकघरातून म्हणाली, "अगं, एकच किती वेळा वाजवशील?"

"वेगळं वाजवतेय, आई."

"बरं बाई, वेगळं तर वेगळं."

मुद्दाम अकरावा वाजवून पाहिला. त्या जागी आले तेव्हा म्हटलं, आता जपून. करंगळी घसरली! बरोबर तिथेच, तेवढीच.

मी घाबरले. खरंच घाबरले. मशीनने आधी माझं पाठ केलं, आता माझ्याकडून माझंच पाठ करून घेतलंय. कालचं आज वाजवायचं नाही, हे मास्तरांचं पहिल्या दिवसाचं बोलणं. माझ्याकडे आता कालचंच आहे.

१४ फेब्रुवारी, बुधवार

मास्तरांचा फोन! "शुक्रवारी ऐकायला येतोय. जवळची खुर्ची ठेव. डोळे गेलेत, कान जागेवर आहेत."

नको म्हणायला तोंड उघडलं आणि "या ना, मास्तर" म्हणून मोकळी झाले.

१६ फेब्रुवारी, शुक्रवार

मास्तर आले. काठी, तोच जुना कोट, बोटं संधिवाताने वाकडी झालेली. त्यांना काही दिसत नाही आणि मी मान डोलावतेय! कोणासाठी?

सात वीसला चूक आली. मास्तर खदखदून हसले. "आहाहा!" अख्खी लॉबी वळून बघायला लागली.

निघताना म्हणाले, "बाकी सगळं शिकवल्यासारखं वाजवलंस. जाड्या होता, दिसेना होता, टोपीवाला होता. तू कुठेच नव्हतीस. अकराव्यात घसरलीस तेवढीच तू. उद्या परत येतो."

ते गेल्यावर मॅनेजर आलाच. "ते आजोबा का हसले?" आणि मी गाढव, खरं सांगून बसले. तिथे चूक आहे म्हणून.

"अहो मॅडम, वर्षभर बोलायचं नाही का!"

१७ फेब्रुवारी, शनिवार

आज चूक आली तेव्हा मास्तर हसले नाहीत. उठले, काठी टेकत आले, बाकावर माझ्या डाव्या बाजूला बसले. हात चाचपत पट्ट्यांवर ठेवले. पट्ट्या त्यांच्या वाकड्या बोटांखालून आपल्या आपण खाली जात होत्या. माझे हात मांडीवर. दोन तुकडे असेच गेले. मला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं होतं.

"कधीपासून?"

"तेरा महिने."

"आणि घरी काय वाजवतेस?"

"घरीही हेच येतं, मास्तर. चुकीसकट." आणि मला रडू फुटलं. लॉबीत, सगळ्यांसमोर, पियानो सुरूच! लोकांना वाटलं, बाई रंगल्यात. टाळ्या वाजवल्या मेल्यांनी.

मास्तर म्हणाले, "चुकतेस तिथे थांब. सावरू नकोस. तीच चूक परत वाजव, मुद्दाम. मग ती जिकडे नेईल तिकडे जा."

"आणि पुढे?"

"पुढचं मला काय विचारतेस? हात सरळ असते तर मीच गेलो नसतो?"

१८ फेब्रुवारी, रविवार

सकाळपासून बसले. अकरावा तुकडा, करंगळी घसरली, थांबले, चूक परत वाजवली. हात लगेच जुन्या वाटेला. परत. परत. आईने मधे दोनदा चहा आणून ठेवला, दोन्ही गार झाले.

नवव्या वेळी चूक परत वाजवली आणि उजवा हात भलतीकडेच गेला! अर्धं मिनिट, फार तर. कोणाचं नव्हतं ते. जाड्याचं नाही, टोपीवाल्याचं नाही, मास्तरांचंही नाही. मग परत ओढले गेले. पण अर्धं मिनिट!

आई दारात उभी. "हे काय होतं गं?"

"माहीत नाही."

"बरं वाटलं," म्हणाली आणि गेली. मी किती वेळ तशीच हसत बसले होते.

बाकी कुठूनही सुरुवात केली तरी होत नाही. फक्त त्या चुकीपासून होतं.

२० फेब्रुवारी, मंगळवार

संध्याकाळी गेले तर मशीनवाला पियानोच्या पोटातून वायर काढत होता. "मॅडम, खुशखबर! तुमची ती चूक काढून टाकली." लॅपटॉपच्या पडद्यावर दाखवलं. छोटीशी रेघ एक घर वर सरकवलेली. "आता एकदम शुद्ध." मॅनेजर मागे उभा राहून हसत होता. उपकार केल्यासारखा!

सात वीस झाले. करंगळी घसरायच्या तयारीत होती. तिच्याखाली पट्टी हललीच नाही, शेजारची खाली गेली. बरोबर सूर. कोणाला काही कळलं नाही.

ही करंगळीही सुधारणार आता. तेरा महिन्यांत बाकी सगळं शिकली, हे तर आठवड्यात शिकेल. मग मी बाहेर कुठून पडू? मास्तरांना फोन करायला घेतला आणि ठेवून दिला. जेवले नाही. आईने विचारलंही नाही.

२१ फेब्रुवारी, बुधवार

सात वीस. मशीन चुकलं नाही. मी गुडघ्याने बटण दाबलं. पियानो मधेच गप्प झाला, काउंटरवरून मॅनेजरने मान वर केली.

मग मी चुकले.