वहिनी, त्यांनी मागणीला वाण म्हटलं

प्रिय माधवीवहिनी,

तुझी फिर्याद रद्द करा, म्हणून आईने आणि दादाने हायकोर्टात केलेला अर्ज काल सुनावणीला आला होता. बाहेर पडल्यावर मी फोन काढला आणि तुझं नाव शोधायला लागले. तुला जाऊन वर्ष उलटलं, तरी काही घडलं की आधी तुलाच सांगावंसं वाटतं. म्हणून लिहायला बसले.

तुझे बाबा माझ्यासोबत होते. आईने माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. दादाचे वकील उठून म्हणाले, "अधिक महिन्यात जावयाला वाण देतात. ही रीत आहे, हुंडा नव्हे." असा संताप आला म्हणून सांगू! रीत म्हणे!

अगं, माझं लग्न व्हायचं होतं तेव्हा. मी घरातच होते ना! दादा धोंड्याच्या जेवणाला तुमच्याकडे गेला नाही, तर तुझे बाबाच अंबरनाथ एमआयडीसीतली पाळी संपवून तसेच कात्रपला आपल्या घरी आले. चांदीचं निरांजन आणि अनारशांचा डबा घेऊन. आईने डब्याला हातही लावला नाही. "लोकं जावयाच्या गळ्यात चेन घालतात. तुम्ही दिवा आणलात?" ते गेल्यावर तुला म्हणाली, "आता चेन घेऊनच ये, नायतर तिकडंच राहा." दादाने तुझी बॅग दाराबाहेर ठेवली.

त्याआधी तो डबा घेऊन तू मला गच्चीवर नेलंस, आठवतं? डोळे रडून लाल आणि तोंडात अनारसा. "खा गं, माझ्या आईने एवढी जाळी पाडलीय, वाया कशाला घालवायची?" मला हसू आलं आणि मग तूही हसलीस. तसं हसणारं माणूस मला नंतर कुणी भेटलं नाही.

मग तू माहेरून फिर्याद द्यायला गेलीस, तेव्हा पोलीस ठाण्यात तुझे मामा म्हणत होते, "घरातल्या सगळ्यांची नावं टाक, केस मजबूत होते." तू म्हणालीस, "नणंदेचं नाही टाकणार." हे मला तुझ्या बाबांनी सांगितलं, तू कधीच नाही. मी आपणहून जबाब द्यायला गेले, तर फोनवर माझ्यावरच ओरडलीस, "वेडी आहेस का? माहेर तुटेल तुझं!"

आणि स्वतःची कावीळ मात्र अंगावर काढलीस. एक फोन करायला काय झालं होतं गं? मी बेलवलीच्या सासरहून धावत आले असते.

"फिर्यादी हयात नाही, आता सांगणार कोण?" असंही वकील म्हणाले. मग सरकारी वकिलांनी माझा जबाब वाचून दाखवला. जजसाहेब म्हणाले, वाण की मागणी, ते साक्षीपुराव्यानंतर ठरेल. अर्ज मागे घेता की फेटाळू? दादाच्या वकिलांनी तो मागे घेतला. आता उल्हासनगरच्या कोर्टात केस चालणार. तुझे बाबा रुमालात तोंड लपवून रडले.

जिन्यात आईने गाठलंच. "सख्ख्या भावाला आत घालशील? उद्या सासरी तुला काय झालं, तर कुणाच्या दारात येशील?"

मी तशीच जिना उतरले. ती माझी आई आहे, वहिनी. तिच्या हातचं जेवावंसं वाटतं मला. अशा वेळी तू हवी होतीस. नुसती शेजारी बसली असतीस तरी चाललं असतं.

पण मी फिरणार नाही. दादा समोर असला, तरी जे ऐकलं, जे पाहिलं, ते तसंच सांगेन. साक्षीदाराला आधी नातं विचारतात म्हणे. कागदावर ते आरोपीची बहीण असं लिहितील. लिहू देत. मी माधवीची नणंद म्हणून उभी राहीन.

तुझी,
वैशाली