व्हिक्सबर्गचं पुढे काय झालं?

प्रिय दादा,

काल तुझं तेरावं झालं. पंगत उठली, वहिनी आत गेली आणि तुझ्या कापसाच्या जिनातल्या आठ-नऊ बाया ओट्यापाशी येऊन उभ्या राहिल्या. मला वाटलं, भेटायला आल्या असतील. शेवंताबाई पुढे आली. तिने पदराने डोळे पुसले आणि म्हणाली, "लहाने भाऊ, पारखीभाऊ गेले, लय वाईट झालं. पन त्या गावाचं पुढं काय झालं? पडलं का राह्यलं? भाऊ सांगून नाही गेले."

मागून अमीनाबी तिला दटावत म्हणाली, "अवं, आज इचारतं का हे?"

"मंग कोन्या दिवशी इचारू? हे उद्या जलंबले चालले जातीन."

मी नुसती मान हलवली आणि पाणी आणायच्या निमित्ताने आत गेलो. तुला माझा स्वभाव माहीत आहे. ज्यांना उत्तर द्यायचं त्यांच्यासमोर तोंड उघडत नाही, आणि जो ऐकायला नाही त्याला पत्र लिहितो आहे! हसशील तू.

तुला आठवतं, हे सगळं कुठून सुरू झालं? पोळ्याला आपण बैलांच्या शिंगांना चांदीच्या शेंब्या लावायचो. आजोबा दरवर्षी म्हणायचे, "अमेरिकेच्या लढाईतली चांदी हाय हे. तिकडचा कापूस अडला अन् आपल्या कापसाले दिवस आले." खामगावातले सगळेच म्हातारे त्या लढाईबद्दल घरातल्या लग्नाबद्दल बोलावं तसं बोलायचे. एका पोळ्याला तू विचारलंस, "आबा, पन लढाई कोनाची होती? मेलं कोन?"

आजोबांनी तुझ्या हातात कासरा दिला. मग म्हणाले, "आपल्याले काय करा लागते? तू बैल धर."

तू बैल धरलास, पण प्रश्न काही सोडला नाहीस.

शाळेत आपण मध्यप्रांत-वऱ्हाडातल्या सगळ्या नद्या एका दमात म्हणायचो. मी पुढे मॅट्रिक होऊन रेल्वेत, जलंब स्टेशनावर, मालबाबू झालो. तू सातवीनंतर सरकी काढायच्या जिनात गेलास आणि कापसाचा पारखी झालास. चिमूटभर रुई दोन अंगठ्यांमध्ये ओढायचास, एकदा उजेडाकडे धरायचास आणि धाग्याची लांबी सांगायचास. पट्टी लावून पाहणारे व्यापारी फरक आला तर पट्टीच चुकली असेल म्हणायचे. मी हे कधी तुझ्या तोंडावर बोललो नाही, पण माझ्या साहेबाला अभिमानाने सांगितलं आहे.

कापूस कंपनीतला एक साहेब विलायतेला परत गेला तेव्हा त्याच्या बंगल्यातलं सामान विकायला निघालं. लोकांनी खुर्च्या घेतल्या, आरसे घेतले. तू पुठ्ठा गेलेलं एक इंग्रजी पुस्तक घेऊन आलास. वहिनी किती चिडली होती! "लोकायनं खुर्च्या आनल्या अन् तुमी रद्दी!"

पण त्या रद्दीत तुझ्या प्रश्नाचं उत्तर होतं. मिसिसिपी नदीच्या काठावर टेकडीवर वसलेलं व्हिक्सबर्ग शहर, आणि अमेरिकेतल्या भाऊबंदकीच्या लढाईत त्या शहराचं काय झालं त्याचा इतिहास. तू तो शब्दाशब्दाने वाचलास. अडलेले शब्द पोस्टकार्डावर मला पाठवायचास. एका कार्डावर बारा-बारा शब्द! मी अर्थ लिहून परत धाडायचो. आमच्या पोस्टमनने एकदा विचारलं, "बाबू, तुमचा भाऊ कोनत्या परीक्षेले बसला?" मी म्हटलं, "माहीत नाही, पण पास होणार." दादा, चाळिशीत कोण असं शिकतं रे?

मग या हंगामात तू दुपारच्या सुट्टीत बायांना ते सांगायला लागलास. कापसातली किडकी कवडी आणि कचरा निवडणाऱ्या बाया भाकरीचं फडकं सोडून बसायच्या आणि तू जमिनीवर रुईची नदी आणि सरकीची टेकडी करायचास. एका रविवारीही जीन चालू होतं आणि तू घरी नव्हतास, म्हणून मी तिथेच आलो आणि मागे उभा राहून ऐकलं.

"नदी आपल्या पूर्णेएवढी का?" कोणीतरी विचारलं.

"दहा पूर्णा एका जागी कर."

"बाप्पा! मंग पलीकडची सोयरीक कशी जुळवत असतीन?"

सगळ्या हसल्या. मुकादम ओरडला, "पारखीबुवा, कापूस पारखा, बाया बिघडवू नका!" तू हसून हात केलास आणि पुढे सांगत राहिलास. नदीतून तोफांच्या नावा, मागून फौजेचा वेढा. दीड महिना अन्न आत गेलं नाही. बायका-मुलं टेकडीच्या पिवळ्या मातीत गुहा खोदून राहिली. खेचरं कापून खाल्ली. अमीनाबीने तौबा म्हणत कानाला हात लावला. कागद संपला तेव्हा वर्तमानपत्र भिंतीला चिकटवायच्या नक्षीच्या कागदामागे छापलं, हेही तू सांगितलंस.

शेवंताबाई तेवढ्यात म्हणाली, "पन गुहा खोदल्या कोनं? त्या बायायनं सोता?"

तू थांबलास. म्हणालास, "नाही. त्या गावात मानसं इकत घेत. काळी मानसं. कापसाच्या वावरात राबवत. गुहा त्यायनंच खोदल्या."

भोंगा होईपर्यंत शेवंताबाई त्या सरकीच्या टेकडीकडे बघत होती.

हे सगळं मराठीत लिहून काढायचं ठरलं तेव्हा मी किती खूश होतो! मोठ्या भावाला माझं शिक्षण उपयोगी पडणार. तू सांगायचास, मी लिहून घ्यायचो, आणि जलंबच्या गुदामात बसून शाई-टाकाने स्वच्छ प्रत करायचो. पहिला भाग वाचून दाखवला तेव्हा तू रुई ओढताना करायचास तसे डोळे बारीक करून ऐकलंस.

"अक्षर मोत्यासारखं हाय," तू म्हणालास. "पन बाया कुठं गेल्या?"

"कोणत्या बाया?"

"शेवंतानं इचारलं, गुहा कोनं खोदल्या. अमीनाबीनं इचारलं, गुहेत बाळंतीन अडली त कोन होतं. ते कुठं हाय?"

"दादा, हा इतिहास आहे. ते मधले प्रश्न आहेत."

"मले त त्यायच्या प्रश्नानंच इतिहास समजला, नारायण. मी ते पुस्तक दोनदा वाचलं होतं. गुहा कोनं खोदल्या हे माह्या मनातच आलं नव्हतं. पुन्हा लिही."

मला राग आला. मॅट्रिक झालेला मी! "मग तूच लिही," असं म्हणून वही तिथेच ठेवली आणि गाडीला निघून गेलो. पुढचे दोन रविवार आलो नाही. तिसऱ्या रविवारी आलो तेव्हा तू तापात होतास. त्या दिवशी तरी बोलायला हवं होतं. मी तुझ्या कपाळावरच्या पट्ट्या बदलत राहिलो, आणि तू एकदाच म्हणालास, "बाया वाट पाहत असतीन." मला वाटलं, तापाची बडबड.

मला एक कार्ड का टाकलं नाहीस, दादा? बारा शब्दांची कार्डं पाठवणाऱ्या तुला 'ये' हा एक शब्द लिहिता आला नाही? आणि बायांना शेवट आधीच सांगून टाकायचा ना! पण तू म्हणायचास, "शेवट पहिले सांगतला त ऐकायले कोन बसन?"

आज सकाळी तुझ्या पेटीतून पुस्तक काढलं आणि शेवटचं प्रकरण वाचलं. शहर पडलं, दादा. लिहिणारा त्याच शहराच्या बाजूचा असावा, पानापानावर रडतो. शरण गेल्याचा दिवस त्यांच्या देशाच्या स्वातंत्र्याच्या सणाचा होता, आणि पुढे कितीतरी वर्षं त्या गावाने तो सण केला नाही, असं तो सांगतो. खोदणाऱ्या माणसांवर त्याने एक ओळ खर्चलेली आहे: फौज आत आली आणि ते मोकळे झाले.

त्या ओळीखाली तुझी पेन्सिलीची रेघ आहे. आणि कडेला तुझं ते तिरपं अक्षर: "शेवंतानं इचारलं होतं. हे पहिले सांगायचं."

पान माझ्या हातातच होतं; वहिनीने दोनदा जेवायला हाक मारली.

दादा, मी आणखी दोन दिवसांची रजा मागून घेतली आहे. सोमवारी दुपारचा भोंगा झाला की मी जिनात जाणार. आवाज फुटणार नाही कदाचित. मुकादम काहीतरी बोलेल, त्याला तुझ्यासारखं हसून हात करायला मला जमणार नाही. पण रुईची नदी करीन, सरकीची टेकडी करीन, आणि खोदणारे सुटले हे पहिले सांगीन. कोणी मधेच विचारलं तर थांबेन. ज्याचं उत्तर येणार नाही, ते वहीत लिहून आणीन, विचारणारीच्या नावासकट. वही आता नव्याने सुरू करतो आहे. तिच्या पहिल्या पानावर शेवंताबाईचा प्रश्न असेल.

तुझा धाकटा,
नारायण