लाल वस्त्र

ब्युमॉन्ट, डब्लिन
६ एप्रिल २०२५

चि. मुरलीधरभावजींना अनेक आशीर्वाद, वि. वि.

निमंत्रणपत्रिकेचा मसुदा पोचला. मुद्दाम फोन केला नाही. फोनवर तुम्ही गळा काढता आणि मी भलतंच कबूल करून बसते. कागदावर तसं होत नाही.

युनियनच्या नव्या सभागृहाला ह्यांचं नाव, दारात अर्धपुतळा आणि व्यासपीठावर मला शाल-श्रीफळ. वाचून आधी बरं वाटलं, खोटं कशाला बोलू? मग माझं नाव पाहिलं, 'गं. भा. चित्राबाई'. आम्हा विडीवाल्या बायकांना देव नाही, धर्म नाही म्हणून ओरडून सांगणारा हा पक्ष. त्याला विधवेचं नाव घ्यायचं तर आधी तिला गंगेत बुचकळावं लागतं होय? 'श्रीमती' करा.

पत्रिकेवरून वाटतं, तुम्ही सगळे बरंच काही विसरलात. परवा माझ्या नातीला, स्वरांगीला, जे सांगितलं तेच तुम्हांलाही सांगते. १९८९चा जून. हंगेरीचा पंतप्रधान इम्रे नॉज, आयुष्यभर पक्षाचा माणूस, आणि पक्षानेच त्याला फासावर दिलेलं. एकतीस वर्षांनी त्याला उकरून काढून सन्मानाने पुरलं, ही बातमी तुमच्या दादांनी पेपरात वाचली. युनियनच्या सभेत ते उठले आणि म्हणाले, दोन मिनिटं उभे राहू या. व्यासपीठावर कुणी हललं नाही. मागे आम्ही बायका उठलो. नाव कुणाला ठाऊक होतं? मेलेल्या माणसासाठी उभं राहायचं म्हटल्यावर उठलो. तुम्ही चिटणिसाच्या खुर्चीत बसून पेनाला टोपण लावत राहिलात. महिन्याभरात तुमचे दादा पक्षद्रोही ठरले.

आता त्याच पक्षाला त्यांचा पुतळा हवा आहे. समारंभात वाटणार आहात ती पुस्तिका पाठवा, मग येण्याचं सांगते. स्वरांगी मराठीत ऐकून घेते आणि इंग्रजीत उत्तर देते. सगळं ऐकून तिने एवढंच विचारलं, की 'युअर मॅन', म्हणजे इथल्या बोलीत 'तो गृहस्थ', नॉजने नक्की केलं तरी काय. विचार करायला लावणारा प्रश्न आहे.

गोड कमी खा. आमच्यावर राग धरू नका.
तुमची वहिनी


२४ एप्रिल २०२५

ती. वहिनींना मुरलीधरचा शि. सा. नमस्कार, वि. वि.

आपलं पत्र वाचून दोन दिवस जेवण गेलं नाही. तिसऱ्या दिवशी गेलं, कारण सूनबाईने पुरणपोळी केली होती. तेव्हा गोड कमी खाण्याचा आपला सल्ला जरा उशिरा पोचला.

'गं. भा.' ही छापखान्याची चूक, ती दुरुस्त केली. बाकी वहिनी, झालं ते झालं. तेव्हा वरून जसा आदेश येई तसं वागावं लागे. आमचे आताचे अध्यक्ष रणजितराव त्या वेळी शाळेत होते, त्यांना कशाला दोष द्यायचा? उलट तेच म्हणाले, की हेमचंद्रदादांसारखा सुधारक माणूस आपल्यातलाच होता, हे नव्या पिढीला कळलं पाहिजे.

पुस्तिकेचा कच्चा मसुदा सोबत पाठवतो आहे. दादांच्या आयुष्यावरचा लेख मी लिहिला आहे, गोड मानून घ्या. एकच अडचण आहे. दादांचा हसरा फोटो आपल्याकडेच आहे. पुतळा त्यावरूनच करायचा आहे. आपल्या लेकीला, मेधाला, सांगून पाठवा. आणि उद्घाटन २ ऑगस्टला आहे, आपण आलं पाहिजे. आपली खुर्ची अध्यक्षांच्या शेजारी आहे.

मेधा तिथे लुगड्याखाली मोजे घालायला लावते की नाही? जपून असा. धाकट्या दिराला पदराखालीच ठेवा.
मुरलीधर


ब्युमॉन्ट
११ मे २०२५

चि. मुरलीधरभावजींना आशीर्वाद, वि. वि.

मोजे घालते. पायांना ऊब असते. अंगाचा मात्र तुमची पुस्तिका वाचून भडका उडाला आहे.

पान नऊ. 'पक्षाच्या ध्वजात लपेटून कॉम्रेड हेमचंद्र यांना अखेरचा लाल सलाम देण्यात आला.' भावजी, हे वाक्य लिहिताना हात कसा हो चालला तुमचा? सात वर्षांपूर्वी ह्यांनी अंथरुणावरून एकच मागितलं होतं, की अंगावर झेंडा असावा. तुम्हीच गेला होतात मागायला. काढून टाकलेल्या माणसाला झेंडा देत नाहीत, हा निरोप घेऊन परत आलेलेही तुम्हीच. मग मी पेटीतलं माझं लाल लुगडं काढलं, मधोमध फाडलं आणि अर्धं ह्यांच्या अंगावर घातलं. लोकांना लांबून झेंडा वाटला असेल. तुम्ही तर खांदा दिलात, तुमच्या गालाला ते लागत होतं. तुम्हांलाही झेंडाच वाटला?

शेजारी इलोना म्हणून बाई राहते. सत्तरीची आहे, लेकीकडे आली आहे माझ्यासारखीच. ती मूळची बुडापेस्टची. आम्हा दोघींचं इंग्रजी सारखंच मोडकं, त्यामुळे छान जमतं. लायब्ररीतून नॉजवरचं पुस्तक आणलं आणि डिक्शनरी घेऊन वाचलं. अडलं की तिला विचारत होते. तो काही संत नव्हता. पक्षाबाहेर त्याला जगच ठाऊक नव्हतं. पण सत्ता आली तेव्हा त्याने बंदीछावण्यांतली माणसं सोडली आणि शेतकऱ्यांवरची जबरदस्ती सैल केली. छप्पन्न साली रशियाच्या जाचाविरुद्ध लोक रस्त्यावर आले तेव्हा बिचकत बिचकत का होईना, लोकांच्या बाजूला गेला. कोर्टात दयेची भीक मागितली नाही. फाशीनंतर त्याचं प्रेत तुरुंगातून काढून नेऊन पालथं पुरलं, डांबरी कागदात गुंडाळून, तारेने बांधून. कबरीवर नाव नाही.

एकोणनव्वदच्या त्या समारंभाला इलोना गेली होती. सहा शवपेट्या होत्या. पाच त्याच्या आणि त्याच्या साथीदारांच्या, सहावी रिकामी, ज्यांची नावंही कुणी घेतली नाहीत अशांसाठी. आणि ज्या पक्षाने फाशी दिलं त्याचे मंत्री काळे सूट घालून पेट्यांशेजारी पहाऱ्याला उभे. इलोना म्हणाली, की रडू येत होतं आणि त्या सूटवाल्यांची चीडही येत होती. पुढे त्याचा पुतळा उभारला, पार्लमेंटकडे बघणारा. काही वर्षांनी आलेल्या सरकारला तो तिथे नको झाला, पहाटे उचलून दुसऱ्या चौकात नेऊन ठेवला. मेलेल्या माणसाला ही मंडळी घरातल्या टेबलासारखी हलवतात. कधी भिंतीला, कधी खिडकीशी.

म्हणून माझं एवढंच म्हणणं आहे. पान नऊवर खरं छापा. पक्षाने झेंडा नाकारला आणि बायकोने आपलं लुगडं घातलं. हे छापलंत तर मी येते, फोटो देते, शाल घेते, रणजितरावांच्या शेजारी बसून हसतेसुद्धा. नाही छापलं तर यातलं काहीच होणार नाही.

पुरणपोळीवर तूप कमी घ्या. जीव आहे तुमच्यावर, म्हणून तर इतकं बोलते.
वहिनी


२ जून २०२५

ती. वहिनींना शि. सा. नमस्कार, वि. वि.

आपलं पत्र समितीपुढे वाचून दाखवलं. नॉजचा भाग वगळला, कारण काही जुन्या मंडळींना ते नाव अजून सोसत नाही. रणजितराव म्हणाले, परदेशात राहून वहिनी जरा हळव्या झाल्या आहेत, त्यांचा मान राखलाच पाहिजे. बरीच चर्चा झाली. झेंड्याचं वाक्य काढायचं ठरलं. मात्र पक्षाने नाकारला असं पक्षाच्याच पुस्तिकेत कसं छापायचं? मी सुवर्णमध्य सुचवला आणि तो एकमताने मान्य झाला. आता असं छापलं आहे. 'कुटुंबीयांनी अर्पण केलेल्या लाल वस्त्रात त्यांना अखेरचा निरोप देण्यात आला.' यात खोटं काही नाही, वहिनी. कुणी दुखावलंही जात नाही.

पुस्तिका छापून आल्या. आता हट्ट सोडा आणि फोटो पाठवा. खुर्ची आपली वाट पाहते आहे. मी म्हातारा झालो, दादांच्या पुतळ्याला एकदा हार घालू द्या. आपली माया आटू देऊ नका.
मुरलीधर


ब्युमॉन्ट
१७ जून २०२५

चि. मुरलीधरभावजींना आशीर्वाद, वि. वि.

लाल वस्त्र! तीन दिवस हा शब्द माझ्या तोंडात घोळतो आहे. शिळ्या तेलासारखी चव आहे त्याला. ते लुगडं होतं, भावजी. विड्या वळताना मांडीवर तंबाखू सांडायची, तिचा वास धुऊनही जात नव्हता त्यातून. तेवढा एक शब्द छापायला तुम्हा सगळ्यांना लाज वाटली. रणजितरावांचा मला राग नाही, ते मला ओळखत नाहीत. तुम्ही मात्र माझ्या हातचं जेवून मोठे झालात आणि मध्य शोधत बसलात. त्या सभेत गप्प बसलात, ते भित्रेपण होतं, मी समजून घेतलं होतं. आता कसली भीती आहे? कोण काढणार आहे तुम्हांला? मला किळस आली, हे तुम्हांला स्पष्ट कळावं म्हणून लिहिते.

फोटो पाठवत नाही. मी येणार नाही.

काल सोळा जून होता. नॉजला फाशी दिलं तो दिवस, आणि पुन्हा पुरला तोही. इलोना मेणबत्ती घेऊन आमच्या स्वयंपाकघरात आली. उरलेलं अर्धं लुगडं मी इथे आणलं आहे. ते टेबलावर पसरलं, त्यावर मेणबत्ती ठेवली आणि आम्ही दोघी उभ्या राहिलो. तेवढ्यात स्वरांगी परीक्षा देऊन आली. येताच काहीतरी बडबडत होती. आम्हांला पाहिलं, दप्तर खाली ठेवलं आणि शेजारी येऊन उभी राहिली. मेणबत्ती विझवल्यावर मग तिने विचारलं, कुणासाठी होतं म्हणून. आधी उभी राहिली आणि मग विचारलं.

आता एकच मागणं आहे. व्यासपीठावरची माझी खुर्ची हलवू नका. अध्यक्षांच्या शेजारी ती रिकामी असू द्या, सहाव्या पेटीसारखी. शाल-श्रीफळ तिच्यावर ठेवू नका, दुसऱ्या कुणाला बसवू नका. मागच्या रांगेतली एखादी बाई विचारील, की चित्राबाई का नाही आल्या. त्या बायका विचारतात. तेव्हा तिला लुगड्याची गोष्ट तुम्ही सांगायची. रणजितरावांनी नाही, तुम्ही.

बसून सांगता येणार नाही, भावजी. उठावं लागेल.

प्रकृतीला जपा. माया आहे. तिला आता तुमची वाट बघू द्या.
वहिनी