पन्नास केबीचा फोटो

३ सप्टेंबर, बुधवार

प्रिय दादा,

नमस्कार. मी बरी आहे. आईचं गुडघ्याला लावायचं तेल संपत आलं असेल, आणून दे. ती स्वतःहून सांगायची नाही. बाबांना म्हणावं, मी वेळेवर जेवते.

पत्र बघून घाबरू नकोस. फोनवर आई स्पीकर लावते, आणि तू ‘बरं, ठेवतो, गिऱ्हाईक आलंय’ म्हणतोस. लोकांची शिवणयंत्रं नेमकी माझ्याच फोनच्या वेळी बिघडतात.

हॉस्टेलमध्ये वायफाय फक्त जिन्यात लागतं. आम्ही अकरा जणी पायऱ्यांवर चिकटून बसतो. एकीला उठायचं झालं की सगळ्यांना उठावं लागतं.

संगणक छान जमतोय असं गेलं वर्षभर सांगत होते. सुरुवातीला ते खोटं होतं. पहिल्या दिवशी लॅबमध्ये मी पडद्यावर बोट फिरवत बसले होते. लॅबच्या बाई मागे येऊन उभ्या राहिल्या.

‘काच पुसायला बसवलंय का गं तुला?’

वर्ग हसला. मीही हसले. तोवर मी तुझा फोनच तेवढा वापरला होता. पहिला निबंध टाइप केला आणि सेव्ह न करताच उठले. दुसऱ्यांदा बसले तेव्हा तो तोंडपाठ झाला होता. आता जमतं, खरंच.

लायब्ररीच्या कार्डासाठी फोटो अपलोड करायचा होता. तो जाईचना. खाली लाल अक्षरं येत: पन्नास केबीपेक्षा मोठा. मला वाटलं, माझ्याच चेहऱ्यात काही खोट आहे. तीन दिवस कुणाला विचारलं नाही. शेवटी खोलीतल्या चष्मिषने फोन ओढून घेतला.

‘वेडाबाई, लहान करायचा असतो तो. दे इकडे.’

अर्धं मिनिट लागलं, दादा.

हे एवढं लांबवतेय, कारण पुढचं लिहायला हात धजत नाही.

मला हा फोन देऊन तू बटणांचा घेतलास, तेव्हा तुझी मेल बंद करायची राहिली. मी ती उघडली. चुकून नाही. मुक्त विद्यापीठाची तीन पत्रं होती, दरवर्षी एक. ‘आपला अर्ज अपूर्ण आहे.’ फोनला तुझा पासवर्ड अजून पाठ आहे. तिन्ही अर्ज उघडले. नाव, मार्क, विषय, सगळं नीट भरलेलं. तिन्ही वर्षी तू एकाच जागी थांबला होतास. फोटोपाशी. तीच लाल अक्षरं.

आणि घरी तू म्हणालास, ‘मन उडालं अभ्यासावरून.’ बाबांना ते पटलं. मलाही.

मला तुझा राग आला. मग माझाच आला. आम्ही सगळे घरात होतो आणि तू कुणाला विचारलं नाहीस. मीही तीन दिवस विचारलं नव्हतंच.

या वर्षीचा अर्ज मी भरला आहे. तुला न विचारता. फोटो फोनमधलाच घेतला, दुकानातला. कॉलरवर तेलाचा डाग दिसतो. कापायला गेले तर तुझी हनुवटी जात होती, म्हणून राहू दिला. सत्तेचाळीस केबी झाला. वर्ग रविवारी असतात, दुकान बुडणार नाही.

शेवटचं बटण मी दाबलेलं नाही. पंधरा तारखेपर्यंत मुदत आहे. मला फोन कर, गिऱ्हाईक असलं तरी कर, आणि नुसतं ‘दाब’ म्हण. आईला कळणारही नाही. नको असेल तर ‘पुसून टाक’ म्हण. मी पुसेन आणि पुन्हा विषय काढणार नाही. मेल उघडली म्हणून हवं तेवढं रागाव, ते मला चालेल.

फक्त मन उडालं असं मला सांगू नकोस.

पहिल्या वर्षानंतर तू कॉलेज सोडलंस. मी आज दुसऱ्या वर्षाच्या बाकावर बसून हे लिहिते आहे. इथे तुझ्या एक वर्ष पुढे बसणं मला अजून जमत नाही.

तुझी,
धाकटी