मुरमावरची फुलं आणि तुझी सही

प्रिय दादा,

तुला जाऊन अजून वर्षही झालं नाही आणि मी तुझ्याशी भांडायला बसले आहे. काल वारसाची नोंद लावायची म्हणून वहिनीनं तुझी कागदांची पिशवी माझ्यापुढं ठेवली. सातबारा शोधताना एक संमतीपत्र हाती आलं. आपल्या टेकाडावरचा मुरूम उचलायला रस्त्याच्या ठेकेदाराला दिलेली परवानगी. मजकूर तुझ्या हातचा, खाली तुझी सही. तुझं अक्षर मी ओळखणार नाही का रे?

"वन्सं, काय झालं वो?" वहिनीनं विचारलं. मी कागद पदराखाली घेतला आणि सातबारा शोधत राहिले.

त्या टेकाडावर काय उगवायचं, ते मला पहिल्यांदा तूच दाखवलंस! मी सातवीत होते. आपण हरभऱ्याची राखण करत होतो. "शोभे, हिकडं ये. पालथी पड अन् बघ." मी मुरमावर पालथी पडले. बोटाच्या पेराएवढं झाड, त्यावर तांदळाच्या कणीसारख्या चार पांढऱ्या पाकळ्या. तू एक पान चावायला दिलंस, जीभ चुरचुरली. "मोहरीची धाकटी बहीण हाय ही," म्हणालास. कुणाला त्याचं नाव माहीत नव्हतं, म्हणून आपण तेच नाव ठेवलं.

पुढं लोहाऱ्याच्या शाळेत मी विज्ञान शिकवायला लागले. दर हिवाळ्यात वर्ग घेऊन टेकाडावर यायचे. भिंगातून मुलं केसर मोजायची, चार लांब, दोन आखूड. तू सगळ्यांना विहिरीचं पाणी पाजायचास. "पाय जपून ठेवा रे, फुलं हायत," असं माझ्याआधी तू ओरडायचास. तेही खोटं होतं का?

तीन वर्षांपूर्वी दिवाळीची सुट्टी संपल्यावर मुलांना घेऊन आले, तर टेकाडाच्या जागी खड्डा. एका वर्षाचं झाड ते. बी टाकायचं आणि वाळून जायचं. ते बी ज्या मातीत पडलं होतं, ती मातीच गेली! मी मुलांसमोर रडले. तू कपाळाला हात लावलास. "चोरून नेला गं कुणीतरी. चाकाच्या खुणा तर शेजारच्या गुंडूअण्णाच्या टॅक्टरच्या दिसत्यात."

तहसीलला द्यायचा अर्जसुद्धा तूच लिहिलास, त्याच सुबक अक्षरात. आठ दिवसांनी म्हणालास, "मागं घिऊ अर्ज. शेजार हाय." मला वाटलं, माझ्या भावाचं मन केवढं मोठं!

आणि मी काय केलं? मारुतीच्या पारावर चार माणसांत गुंडूअण्णांना चोर म्हणाले. तू शेजारी उभा होतास, मान खाली घालून. त्यांच्या लेकीच्या लग्नाला मी गेले नाही. त्यांची बायको वाटेत भेटली, तरी तोंड फिरवलं. तीन वर्षं, दादा!

आज सकाळी कागद घेऊन त्यांच्या दारात गेले. अण्णांनी चष्मा लावून तो वाचला, घडी करून परत दिला.

"टॅक्टर माझंच व्हतं, ताई. ठेकेदारानं भाड्यानं नेलतं. मुरूम दादांनीच दिला. त्या बदल्यात शेतापतूर वाट करून घेतली. पावसाळ्यात वैनी गवताचा भारा घिऊन चिखलात पडल्या, मनगट मोडलं, तवापास्नं त्येंच्या मनात व्हतं."

"मग तुम्ही बोलला का नाहीत?"

"दादांनी माझा हात धरला. शोभाला कळलं तर ती माझं तोंड बघनार न्हाय, म्हनले. म्या म्हनलं, असू दे. तुमाला भाऊ एकच हाय. शेजारी धा हायत."

त्यांच्या बायकोनं चहा आणला. मी उठून त्यांच्या हातून कप घेतला.

वहिनीच्या मनगटासाठी टेकाड दिलंस, एवढंच होतं ना? मग मला सांगायचं! मी भांडले असते, दोन महिने बोलले नसते, आणि मग आले असते. माझ्यावर एवढाही विश्वास नव्हता? माझा राग तुला नको होता, म्हणून दुसऱ्याच्या अंगावर ढकललास. फुलं गेल्याचं दुःख मी कसंतरी सोसलं. पण तू मला एका भल्या माणसाला चोर म्हणू दिलंस, हे कसं सोसू?

शेवटी दवाखान्यात तू दोनदा म्हणालास, "शोभे, अण्णाशी बोलत जा." मी रागानं खिडकीकडं बघत राहिले. तेव्हा तरी पुढचं वाक्य बोलायचंस, दादा. एकच वाक्य होतं.

वहिनीला आज सगळं सांगितलं. ती रडली, पण मला अडवलं नाही. येत्या शनिवारी पारावर माणसं जमतील, तेव्हा मी अण्णांची माफी मागणार आहे, चार माणसांत, मोठ्यानं. मुरूम कुणी दिला, असं कुणीतरी विचारेलच. तेव्हा मी खाली बघणार नाही. "माझ्या भावानं," असं म्हणेन आणि तुझं पूर्ण नाव सांगेन. हा माझा शब्द.

तुझ्यावर अजून रागावलेली,
तुझी शोभा